डाव्या हाताचं चार नंबरचं बोट

आधीच सांगून टाकते. या ग्रुपवर लोक जे लिहितात ना — वडाखालची बाई, गाडीला हात करणारा म्हातारा — ते वाचून मी दुकानात बसल्या बसल्या खो-खो हसलेली बाई आहे. दोघातिघांना कमेंटमध्ये टोमणेही मारलेत. ते इथे असतील तर माफ करा बापा.

मी झेरॉक्सवाली. अमरावतीत गाडगेनगरच्या रस्त्याला माझं छोटंसं दुकान आहे — झेरॉक्स, लॅमिनेशन, स्पायरल बाइंडिंग. माझा विश्वास एकाच गोष्टीवर. मूळ कागदावर जे असतं तेच कॉपीत येतं, नसतं ते येत नाही. भूतबित, शकुन-अपशकुन असलं काही मी कधी मानलं नाही. सासूबाईंशी याच्यावरून कितीदा वाजलंय.

आता मात्र रोज त्या मशीनचं झाकण उचलताना मला ते सगळं आठवतं. म्हणून लिहितेय. लांबेल थोडं, पण जसं घडलं तसं सांगते.

माझी मुलगी रेणू, नववीत. तिला पियानोचं वेड. आता अमरावतीत पियानो कोण शिकवणार, सांगा? हार्मोनियमवाले गल्लोगल्ली मिळतील. पण तिने हट्टच धरला, आणि आम्ही एक सेकंडहँड डिजिटल पियानो घेऊन दिला. मग कुणीतरी तायडे सरांचं नाव सांगितलं. सर अकोल्याचे. लहानपणी मिशनच्या शाळेत पियानो शिकलेले, बँकेतून रिटायर झालेले. दर शनिवारी सकाळच्या गाडीने बडनेऱ्याला उतरायचे, ऑटोने इकडे यायचे, पाच-सहा मुलांना शिकवायचे आणि संध्याकाळी परत. क्लास आमच्याच दुकानाच्या मागच्या खोलीत. पियानो आमचाच होता म्हणून.

सरांना गिला वडा भारी आवडायचा. आल्या आल्या कोपऱ्यावरून प्लेट मागवणार, खाणार, आणि मग साबणाने दोनदा हात धुऊन दोन्ही पंजे पंख्यासमोर धरून वाळवणार. "ताई, तेलकट बोटं पियानोले चालत नाई." हे मी दर शनिवारी पाहिलंय. दहाच्या दहा बोटं, लांबसडक, धडधाकट. हे लक्षात ठेवा, पुढे लागेल.

मागच्या वर्षी जूनमध्ये सर एक पुस्तक घेऊन आले. प्रील्यूड्सचं. म्हणजे पियानोसाठीच्या चोवीस छोट्या रचना, प्रत्येक वेगळ्या सुरावरची. परदेशात छापलेलं, जुनं, करड्या कव्हरचं, आणि ज्याने रचल्या त्याचं नाव मला आजही धड उच्चारता येत नाही. रेणूला पुढच्या वर्षी परीक्षा द्यायची होती, नागपूरला सेंटर असतं. त्यात यातलं काही वाजवावं लागतं. नवं पुस्तक महाग, मागवायला महिना जातो. मग काय, आई झेरॉक्सवाली असल्यावर!

पुस्तकात छापलेल्या सुरांच्या वर-खाली बारीक आकडे होते, आणि सरांनी पेन्सिलने त्यातले बरेच खोडून दुसरे लिहिले होते. पानापानावर. सर म्हणाले, "ताई, पेन्सिलच्या खुणा यायले पायजेत बरं का. त्याच महत्त्वाच्या आहेत."

मी म्हटलं हो हो. आणि इथे माझा धंदा नडला. आमच्याकडे पोरं दुसऱ्याच्या नोट्स आणतात, त्यावर रेघोट्या, खुणा, भजी खाल्लेले डाग. मी मशीन लाइटवर करते, पेन्सिल उडून जाते, छापलेलं तेवढं राहतं. "काकूंची कॉपी ओरिजिनलपेक्षा साफ" म्हणून पोरं लांबून येतात, आणि मला त्याचा तोरा होता. संगीताची पुस्तकं साध्या पानापेक्षा मोठी असतात, म्हणून मोठा कागद लावला आणि पुस्तक जिथे उघडलं त्या पानाची एक टेस्ट काढली. पेन्सिलीसकट काळीकुट्ट आली. शी! ती टाकली रफ कागदांच्या गठ्ठ्यावर, बटण लाइटवर नेलं आणि अख्खं पुस्तक चकाचक काढलं.

रेणू तिथेच उभी होती. मी विचारलं, हे आकडे कसले गं? तर मॅडमनी लगेच शिकवणी सुरू केली. गठ्ठ्यावरचा वरचा कागद उलटा केला, त्याच्यावर डावा पंजा ठेवला आणि पेनने कडेकडेने हात काढला. "बघ आई. अंगठा एक, मग दोन, तीन, हे करंगळीजवळचं चार, करंगळी पाच. कोणता सूर कोणत्या बोटाने वाजवायचा, ते आकडे सांगतात. फिंगरिंग म्हणतात त्याला." प्रत्येक बोटावर आकडाही लिहिला. मला इतकं गोड वाटलं की तो कागद मी मशीनवरच्या कपाटाच्या दाराला टेपने चिकटवून टाकला.

पुढच्या शनिवारी सरांनी कॉपी उघडली आणि त्यांचा चेहराच पडला.

"ताई, पेन्सिल कुठी गेली?"

"साफ करून दिली ना सर," मी मोठ्या ऐटीत म्हटलं.

सर कधी आवाज चढवायचे नाहीत. त्या दिवशी चढवला. "काहून साफ केली? मी सांगतलं होतं ना तुमाले! हे छापलेले आकडे त्या तिकडच्या माणसाच्या हाताचे आहेत. पेन्सिलचे रेणूच्या हाताचे आहेत."

मलाही राग आला. एवढे मोठे कागद लावून फुकट काढून दिलं, आणि वर हे बोलणं! मी म्हटलं, बघू, वेळ मिळाला की पुन्हा काढीन. सरांनी कॉपी मिटली. मग पुस्तक माझ्या हातात दिलं. "राहू द्या तुमच्यापाशी. पण काढजा ताई. विसरू नोका."

मी ते लॅमिनेशन मशीनच्या वरच्या फळीवर टाकलं आणि विसरले. मुद्दाम विसरले म्हणा हवं तर, राग होता ना. दोनच शनिवार सर आले त्यानंतर. तिसऱ्या शनिवारी गाडी आली, सर आले नाहीत. अकोल्याहून फोन आला, पहाटे झोपेतच गेले.

रेणू खूप रडली. पण पोर जिद्दीची. स्वच्छ कॉपी समोर ठेवून, व्हिडिओ बघून, एकटीच बसायची.

आता पुढचं लिहिणं मला जड जातं. दिवाळीच्या आधीचे दिवस होते, दुकानात गर्दी. कॉलेजच्या फाइल्स कापायच्या होत्या. आमच्या कटिंग मशीनचा कागद दाबून धरणारा क्लॅम्प ढिला झाला होता. मला माहीत होतं. मेकॅनिक उद्या येतो, परवा येतो करत होता. मी रेणूला म्हटलं, "एवढा गठ्ठा काप गं, मी गिऱ्हाईक बघते." क्लॅम्प धरत नव्हता म्हणून तिने डाव्या हाताने गठ्ठा दाबला.

करंगळीजवळचं बोट. वरची दोन पेरं गेली. डॉक्टरांनी प्रयत्न केला, जोडता आलं नाही.

मला कोणी काही बोललं नाही. रेणूचे बाबा धामणगावला धान्याच्या दुकानात नोकरीला आहेत, रोज ये-जा करतात. तेही बोलले नाहीत. त्यांनी फक्त कपाटाच्या दारावरचा तो हाताचा कागद काढला, घडी घातली आणि तिला दिसू नये म्हणून आपल्या बॅगेत टाकून घेऊन गेले. रेणूने पियानोवर जुनी चादर टाकली. चार महिने ती माझ्याशी बोलली — भाजी काय, पाणी आलं का, मी शाळेत जाते. बस, एवढंच. एकदा तरी भांडायला हवं होतं तिने. "आई, तुझ्यामुळे झालं" म्हणाली असती तर मी तिचे पाय धरले असते. पण नाही. चादर तशीच आणि तोंड तसंच बंद.

फेब्रुवारीत सरांच्या बायकोचा, काकूंचा फोन आला. "बाई, आमच्या यांचं एक पुस्तक तुमच्यापाशी आहे म्हणते. बाकीची सगळी मी शाळेले देऊन राहिले. तेवढं आणून देता का?"

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. फळीवरून पुस्तक काढलं, धूळ पुसली. वाटलं, गेलेल्या माणसाचा शब्द आहे, परत देण्याआधी एकदा तरी पेन्सिलीसकट काढून ठेवू. रविवारची दुपार होती, दुकान बंद, मी मशीन चालू केलं. रेणूला नुसतं म्हटलं, पानं लावून देशील का? तिने मान हलवली. मी कॉपी काढत होते, ती एकेक पान नंबरवार लावत होती.

सातवं-आठवं पान असेल. तिचा हात थांबला.

"आई."

मी वळून बघितलं. ती पान अगदी डोळ्यांजवळ धरून बघत होती.

"आई, यात चार नाही."

"म्हणजे?"

"डाव्या हाताला चार नाही. छापलेला प्रत्येक चार सरांनी खोडलाय. त्याच्या जागी तीन केलंय, नाहीतर पाच." तिने माझ्या हातातून पुस्तक ओढलंच. भराभर पानं उलटली. पहिला, दुसरा, पाचवा, नववा... "उजव्या हाताला आहे. बघ, हा चार, हा चार. डाव्याला कुठेच नाही. आई, कुठेच नाही!"

चोवीसच्या चोवीस प्रील्यूड आम्ही दोघींनी खुर्चीत बसून बोट ठेवून तपासले. डाव्या हाताच्या ओळीत चार नंबरचं बोट कुठेही नव्हतं. बापा रे! सर गेले जुलैमध्ये. बोट गेलं दिवाळीच्या तोंडावर.

आणि माझ्या कानात सरांचं ते वाक्य. पेन्सिलचे आकडे रेणूच्या हाताचे आहेत.

रेणू रडली नाही. फक्त म्हणाली, "आई, डार्क काढ. अजून डार्क." चार महिन्यांत तिने माझ्याकडे मागितलेली पहिली गोष्ट.

मी तरी लगेच कशी मानणार? मी स्वतःला समजावलं, सरांची पद्धतच असेल. काही लोकांचं ते बोट अशक्त असतं म्हणतात, असेल तसं काही. पुढच्या रविवारी आम्ही दोघी बडनेऱ्याहून गाडीने अकोल्याला गेलो. काकूंचं घर जठारपेठेत, दोन खोल्यांचं, आणि एका भिंतीला नुसती संगीताची पुस्तकं. स्केल्सची, बोटांच्या व्यायामाची, थिअरीची, एक तर संगीतातल्या शब्दांचा कोशच. काकू चहा ठेवायला गेल्या आणि रेणू जमिनीवर बसून एकेक पुस्तक उघडायला लागली. सगळ्यांत सरांची पेन्सिल. आणि जिथे जिथे बोटांचे आकडे, तिथे डाव्या हाताला चार. भरपूर चार! सरांनी स्वतःहून लिहिलेले, गोल केलेले, एका ठिकाणी तर मराठीत लिहिलंय, "इथे ४ च, आळस नको."

मग हे एकच पुस्तक असं का?

काकू चहा घेऊन आल्यावर मी त्यांना सहज विचारावं तसं विचारलं, "सरांच्या डाव्या हाताला कधी काही लागलं होतं का?"

"नाई वं," काकू म्हणाल्या. मग पुस्तकाकडे बघून थांबल्या. "हे होय का ते? या पुस्तकाले तर आठ दिवस बसले होते ते. मी म्हणो, एवढं काय खोडून राहिले? तर म्हणे, अमरावतीच्या पोरीसाठी आहे. आणि पाहा, डाव्या हाताच्या त्या बोटाले रुमाल बांधे."

"कोणत्या बोटाला?"

काकूंनी आपला डावा हात पुढे केला आणि करंगळीजवळचं बोट धरलं.

"हे असं वाकवून रुमालानं बांधून टाके आणि वाजवे. मी इचारलं, लागलं का? तर म्हणे, नाई, पाहून राहिलो जमते का. मी म्हटलं, अशी कायची तऱ्हा ही? तर माझ्यावरच चिडले. म्हणे, मले तरी कुठी समजून राहिलं?"

मी रेणूकडे बघितलं. रेणूचा डावा हात ओढणीखाली होता, ती बाहेर निघाली की तसाच ठेवते. काकूंना अपघाताचं काही माहीत नव्हतं, आम्ही कोणी कळवलंच नव्हतं. रेणूने हळूच हात बाहेर काढला आणि काकूंसमोर धरला. "अवं माय..." एवढंच त्या म्हणाल्या, आणि तिचा तो हात आपल्या दोन्ही हातांत धरून किती वेळ बसून राहिल्या.

जरा सावरल्यावर रेणूने विचारलं, "काकू, मग जमलं का सरांना?"

"सगळं जमलं म्हणे. एक सोडून."

ते पुस्तक काकूंनी परत घेतलंच नाही.

रेणूच्या बाबांना संध्याकाळी सांगितलं तर ते म्हणाले, "पुस्तक एवढे महिने दुकानात फळीवर पडून होतं. अपघातानंतर कोणी लिहिलं नसेल कशावरून?" मी म्हटलं, कोण लिहिणार? तर माझ्याकडेच बघायला लागले. म्हणजे मी! पोरीने पुन्हा वाजवावं म्हणून मी आकडे खोडले असं त्यांना वाटलं! असा संताप आला मला. मला सूर की फूर कळत नाही, मी चोवीस रचनांचं फिंगरिंग बदलणार? आणि काकूंचा रुमाल? "म्हातारं माणूस, आठवण पुढे-मागे होते," म्हणाले. मी जेवले नाही त्या दिवशी.

आता तुम्हीही हेच म्हणाल, म्हणून पुढचं नीट वाचा.

आठवडाभराने मला काय वाटलं कोण जाणे, मी रेणूच्या बाबांना म्हटलं, तो हाताचा कागद कुठे आहे? रेणूने काढलेला. मला एकदा बघायचाय. पोरीचा अख्खा हात कागदावर तेवढाच उरलाय. दुसऱ्या दिवशी ते धामणगावच्या दुकानातल्या ड्रॉवरमधून घेऊन आले. घडी तशीच. मी टेबलावर उलगडला. पाच बोटं, पाच आकडे. मी चारवर हात ठेवला आणि रडले, खोटं कशाला सांगू.

मग यांनीच कागद उचलला, पुन्हा घडी घालायला. आणि थांबले. कागद उलटा केला.

मागच्या बाजूला सुरांच्या ओळी होत्या. मोठा कागद, न कापलेला, काळाकुट्ट. ती माझी टेस्ट कॉपी होती! जूनमधली, लाइटवर न्यायच्या आधीची, पेन्सिलीसकट आलेली, मी शी म्हणून गठ्ठ्यावर टाकलेली. रेणूने त्याच कागदाच्या पाठीवर हात काढला होता, आणि सुरांची बाजू दाराकडे करून मीच तो चिकटवला होता. डाव्या हाताच्या ओळीतले सगळे चार खोडलेले. एका बाजूला पोरीचा धडधाकट हात आणि दुसऱ्या बाजूला त्या बोटाशिवायचा पाठ. एकाच कागदावर, एकाच दिवशीचा.

यांनी कागद टेबलावर ठेवला. मला म्हणाले, "माफ कर." आयुष्यात पहिल्यांदा म्हणाले असतील.

रेणू आतून आली. तिने कागद बघितला. आधी हाताची बाजू. आपला डावा पंजा त्यावर ठेवला, बरोब्बर रेघेवर, चारची जागा तेवढी रिकामी राहिली. मग उलटून सुरांची बाजू वाचली. ते अकराव्या प्रील्यूडचं पान होतं. एका जागी डाव्या हाताचे सूर धावत खाली येतात, आणि तिथे सरांनी चार खोडलाय, पण त्याच्या जागी आकडा नाही. नुसतं प्रश्नचिन्ह. पुस्तकात चार शोधायच्या नादात ते आमच्या नजरेतून सुटलं होतं. काकू म्हणाल्या होत्या ना, एक सोडून.

त्याच संध्याकाळी चादर निघाली.

नागपूरच्या एका पियानोच्या मॅडमना आम्ही पुस्तक दाखवलं, काही सांगितलं नाही आधी. त्या म्हणाल्या, असं फिंगरिंग पाच बोटं असलेल्या माणसाला कोणी देणार नाही. माझ्या भावाचं म्हणणं योगायोग. सासूबाईंचं म्हणणं सरांना दिसलं होतं. मग दिसलं होतं तर बोलले का नाहीत? की त्यांनाही कळत नव्हतं आणि हात आपोआप खोडत होता? आणि मी त्या दिवशी सांगितलं तसं डार्क काढलं असतं, रेणूने तेव्हाच ते चार नसलेलं पाहिलं असतं, तर आम्ही सावध झालो असतो का? क्लॅम्प दुरुस्त केला असता का? याचं उत्तर मला मिळालेलं नाही, आणि खरं सांगते, मिळावं असंही वाटत नाही. भीती वाटते.

अकराव्यावर रेणू तीन आठवडे अडून बसली. तीच ओळ, तोच अडखळा, दुकानात मला पाठ झाला होता. एका दुपारी अचानक ती ओळ सरळ खाली उतरली. मी गिऱ्हाईक सोडून आत धावले. रेणू पेन्सिल शोधत होती.

"सरांना का नाही सुचलं गं हे?" ती म्हणाली. "तो सूर डाव्या हाताने वाजवायचाच कशाला? उजवा हात तिथे मोकळाच आहे."

तिने सरांच्या प्रश्नचिन्हावर काट मारली, एक छोटा बाण काढला आणि बाजूला लिहिलं, "उजवा". मग पुस्तक माझ्यापुढे धरलं.

"काकूंना पाठवायचंय. पेन्सिल नीट आली पाहिजे, आई."

मी त्या पानाची कॉपी काढली. डार्क.